बोथ्याच्या जंगलात सासूबाई

महाराष्ट्र राज्य नुकतंच झालं होतं आणि माझं लग्नही. हे नांदुऱ्याला शाळेत मास्तर. घरात आम्ही दोघं आणि सासूबाई. आदल्या साली सासरे गेले, तेव्हापासून सासूबाई उंबऱ्याबाहेर पडल्या नव्हत्या. "माह्यं आता काय राह्यलं?" एवढंच म्हणायच्या. शेवटी माघात ह्यांनी ठरवलं, आईला बोथ्याचं जंगल दाखवायचं.

"जंगलात कोणी मुद्दाम जाते का बे?" सासूबाई म्हणाल्या. पण निखाऱ्यात भाजायच्या रोडग्यांची कणीक, वांगी आणि गोवऱ्यांचं पोतं त्यांनीच बांधलं!

सकाळच्या एसटीनं खामगाव, तिथून बुलढाण्याची गाडी. कपाशीची शेतं संपली, घाट लागला आणि दोन्ही बाजूंनी साग सुरू झाला. कंडक्टरनं आम्हाला जंगलाच्या नाक्यावर उतरवलं. तिथल्या नाकेदारानं, म्हणजे जंगल राखणाऱ्या शिपायानं, आमचं पोतं उघडून पाहिलं.

"जंगलात जाळ करता येत नाही, माय."

"काऊन? इंग्रज गेला ना? आता जंगल आपलंच हाये."

"आपलं हाये म्हणूनच," तो हसला.

पण माणूस भला. विश्रामगृहाजवळ नदीच्या कोरड्या वाळूत त्यानं जागा दिली, पाण्याची बादली शेजारी ठेवायला लावली. रोडगे भाजेपर्यंत तो जुनं सांगत बसला. इंग्रजांनी हे जंगल राखीव केलं, इथला साग गाड्या भरभरून बाहेर गेला, आणि गावातल्या माणसाची गाय आत शिरली तरी दंड. आता नवी रोपं लावली होती, ती त्यानं लेकरं दाखवावीत तशी दाखवली. फोडून तूप ओतलेले रोडगे आणि वांग्याची भाजी आम्ही चौघांनी पोटभर खाल्ली.

जेवल्यावर सावलीत माझा डोळा लागला. उठून पाहते तर सासूबाई नाहीत! हाका मारल्या, उत्तर नाही. नाकेदाराचा चेहरा उतरला. "बोरं पिकली हायेत. अस्वलं फिरतात."

आम्ही बोरींच्या जाळीकडे धावलो. ह्यांनी "आई!" म्हणून टाहो फोडला, तोच वरून आवाज आला, "चूप! काऊन बोंबलून राह्यला?"

मोहाच्या झाडावर, दोन फांद्यांच्या दुबेळक्यात लुगडं खोचून सासूबाई बसल्या होत्या. खाली, थोड्या अंतरावर, त्यांच्या पदरातून सांडलेली बोरं एक काळंभोर अस्वल निवांत खात होतं. नाकेदारानं आम्हाला जागीच थांबवलं. बोरं संपली, अस्वलानं पाठ खाजवली आणि डुलत डुलत ओढ्यात उतरलं.

चढणं सोपं, उतरणं कठीण! नाकेदाराचा खांदा, ह्यांचे हात, माझी धांदल. गुडघे सोलवटले होते, पण बाई हसत होत्या. हसता हसता डोळ्यांतून पाणी.

शेवटची गाडी चुकली. लाकडाच्या ट्रकनं आम्हाला खामगावपर्यंत सोडलं. सासूबाई ड्रायव्हरशेजारी बसून अस्वलाची गोष्ट सांगत होत्या आणि घाट उतरेपर्यंत ते अस्वल बैलाएवढं झालं होतं.

आता तिथं अभयारण्य आहे. आत जायला परवानगी लागते, रोडगे घरूनच भाजून न्यावे लागतील आणि मनमानेल तसं भटकता येणार नाही. तरी जा. माघात जा, ऊन सोसवतं.

घरी आल्यावर मी त्यांच्या गुडघ्यांना हळद-तेल लावत होते.  तेव्हा त्या म्हणाल्या, "मले वाटे, जगायची हौस सरली आपली. अन् त्या अस्वलाले पाह्यलं तशी कशी सरसर चढली वं मी!"

त्यानंतर त्या पुष्कळ वर्षं जगल्या, आणि हौसेनं जगल्या.