गायकवाड सर आणि रुळांचा नाद

किस्से कुणी मुद्दाम जमवत नाही. गायकवाड सरांसारखा मित्र असला की ते आपोआप साठतात. एखादा विसरायचा म्हटला तरी चहाला बसलं की हजर!

सर नांदेडला शाळेत इतिहास शिकवायचे. शाळा सुटली की त्यांचा लाडका इतिहास सुरू व्हायचा, तो म्हणजे आपल्या भागातल्या रेल्वेचा. रूळ कुणी टाकले, पूल कुणी बांधले, पहिली गाडी पाहून कोण पळालं, हे सगळं त्यांना पुस्तकात लिहायचं होतं. मी पोस्टातला माणूस. सुट्टीच्या दिवशी त्यांचा टेपरेकॉर्डर उचलायचं काम माझं!

*

सरांच्या पुतण्यासाठी मुलगी पाहायला आम्ही लातूरजवळच्या मुरुडला गेलो होतो. मुलगी पोहे घेऊन आली अन् सर खुर्चीवर चढून छताकडे पाहू लागले. तुळई म्हणून जुना रूळ टाकलेला होता! सर तो वितीनं मोजायला लागले.

मुलीचे वडील घाबरले. "घर आमचंच हाय हो, गहाण न्हाई!"

लग्न जमलं. पंगतीतसुद्धा सरांनी त्या तुळईखालचीच जागा धरली.

*

त्याच मुरुडात दोन म्हाताऱ्यांचं जुनं भांडण होतं. अरुंद रुळांवरची छोटी गाडी पहिल्यांदा आली तेव्हा नारळ कुणाच्या बापानं फोडला? दोघंही पारावर हट्टाला पेटलेले.

सर समजुतीनं म्हणाले, "काका, गाडी दोन ठिकाणी थांबली असंल. दोघांनीबी फोडला असंल."

दोघं एकदमच ओरडले, "पण आधी कुठं थांबली?"

सर अजून त्या पारावर जायला घाबरतात.

*

लातूर जिल्हा उस्मानाबादेतून फुटून नवा नवा झाला होता. त्यात दुष्काळ. कचेरीपुढं ही गर्दी! कुणाला टँकर पाहिजे, कुणाला रोजगार हमीचं काम. त्या रांगेत आमचे सरही उन्हात उभे.

"काय पाहिजे? टँकर?" कारकून घाम पुसत म्हणाला.

"न्हाई. स्टेशनाचे जुने नकाशे पाहिजेत."

कारकुनानं हात जोडले. "सर, जिल्हाच कालचा हाय. टेबलं आणायलोत आत्ता. जुनं काय पाहिजे असंल तर उस्मानाबादला जावा!"

*

सगळ्यांना बोलतं करणाऱ्या सरांपुढं एकच माणूस गप्प. त्यांची आई! ती इस्लापूरला राहायची. पोरवयात तिनं तिथल्याच रेल्वेलाईनवर खडी फोडली होती. सरांनी विचारलं की तिचं उत्तर ठरलेलं, "कामाला काय इतिहास ऱ्हातो का? मुकादम न्हेईल तिकडं जायाचं."

सरांना हे फार लागायचं. "इंजिनाचं कुणीबी लिहील," ते मला म्हणायचे. "आपल्या बायांनी टोपल्या वाहिल्या, ते आई बोलली न्हाई तर कोण सांगणार?" पुस्तकातलं ते प्रकरण कोरंच होतं. ते राहून जाईल याची मलाही धास्ती वाटायची, कारण आई थकत चालली होती.

*

त्याच दुष्काळाच्या उन्हाळ्यात इस्लापूरच्या विहिरी आटल्या, म्हणून सर आईला नांदेडला आणायला गेले. मीही सोबत होतो. शेजारच्या बाया जय भीम करून परतल्या. स्टेशनावर सर इंजिनाच्या पाण्याच्या टाकीपाशी रमले अन् तिकिटं काढायचं काम आईवर सोपवलं.

गाडी सुटली. जरा वेळानं टीसी आला. आईनं कनवटीची तिकिटं पुढं केली.

"आजी, ही दोघांची झाली. तुमचं?"

"माझं हिमायतनगरला उतरून काढणार हाय."

"अन् हिमायतनगरपर्यंत?"

"तिथवर कशाला?" आई शांतपणे म्हणाली. "हितून तिथवर खडी म्या फोडली, माती म्या वाहिली. माझ्याच कामावरून जायाला तिकीट?"

अख्खा डबा हसला. टीसीही हसला, पण पावतीपुस्तक काढलंच. "आजी, नियम हाय. दंड लागंल."

सर ताडकन उठून उभे राहिले होते. "आई! हितून हिमायतनगर? सगळं? संगं कोण कोण होतं?"

आईनं पदर सावरला, पाय वर घेऊन मांडी घातली.

"आधी ह्यांचा दंड भर," ती म्हणाली. "मग सांगते."