तोरपेकैचं फटींचं घर

हसू नका, पण लग्न होऊन पंजवाईत आले तेव्हा शेजारची तोरपेकै मला कुणा कमांडरची बायको वाटली. तिच्या द्राक्षमळ्यात जाड मातीच्या भिंतींचं एक घर होतं, आणि भिंतींना उभ्या अरुंद फटी. त्यातून बंदुका रोखलेल्या असणार असं समजून मी आठवडाभर तिकडे तोंड वळवलं नाही. शेवटी तिनंच हटकलं, "काय गं नवरी, मान आखडलीय का?"

ते बेदाण्याचं घर. आत घड टांगायचे, फटींतून वारा खेळतो, ऊन लागत नाही, बेदाणा हिरवा राहतो. माझ्या माहेरी गच्चीवर उन्हात वाळवायचे, लाल व्हायचा. मी म्हणायची, लाल गोड. ती म्हणायची, "उन्हात रंग जातो, नवरीबाई. स्वतःकडे बघ की." मी सावळी आहे हे गावाला असं कळलं.

माझी चूक मला कळली तरी. फौजांना कुठली कळायला? रशियन टँक आले, त्यांना फटी दिसल्या, त्यांनी तोफ डागली. तोरपेकैनं माती तुडवून भिंती पुन्हा उभ्या केल्या. मग आपलेच लोक खरंच तिथं बंदुका लावून बसले आणि घड टांगायच्या काठ्या चहासाठी जाळल्या. तिनं नव्या आणल्या. मग परदेशी शिपायांनी सुरुंग लावून घरच उडवलं.

उडवण्याआधी त्यांच्या दुभाष्यानं विचारलं होतं, "आजी, आत कोण लपायचं?"

"घड," ती म्हणाली. तो हसला. त्याला वाटलं म्हातारी चेष्टा करतेय.

त्यांच्या जड गाड्यांखाली जमिनीखालचा पाण्याचा बोगदा खचला. तो मोकळा करायला तिचा नवरा निघाला, आणि वाटेतच पुरलेल्या सुरुंगावर त्याचा पाय पडला. मग वेली वाळल्या. दोन हिवाळे तिनं त्याच चुलीत घातल्या.

मुलगा क्वेट्ट्याहून फोन करतो, "आई, इकडे ये." ही म्हणते, "घर बांधून झालं की येते." आणि बांधते काय, तर तेच, फटींचं.

या वसंतात मी चिडलेच. "वहिनी, त्या फटी बुजव. राहतं छप्पर गळतंय तुझं. निदान इथं झोपशील."

"मग घड कुठं टांगू?"

"कुठले घड? पाणी नाही."

"आलं तर?"

"येणार नाही."

"माहितीय मला," ती म्हणाली, आणि पुढच्या फटीची जागा मोकळी सोडून वर माती थापली.

ईदला आम्ही एकाच ताग्यातून हिरव्या ओढण्या घेतल्या होत्या. उन्हाळाभर मी माझी धुऊन गच्चीवर वाळवली. तिनं तिची त्या रिकाम्या घरात, घडांच्या काठीवर. परवा तिनं दोन्ही मांडीवर शेजारी-शेजारी ठेवल्या. माझी पेंढ्यासारखी पिवळट पडली होती. तिची अजून पहिल्या दिवशीसारखी.

"रंग कुणाचा गेला?"

"माझा."

"मग बेदाणा कुठला चांगला?"

आता गावात बेदाणा कुठं राहिलाय? तरी म्हटलं, "हिरवा."

"मग इतकी वर्षं डोकं कशाला खाल्लंस माझं, नवरीबाई?"