कंदील लावलेला होता

सन १९३४. मला साठावं चालू होतं आणि पोटचा पोर जाऊन तीन दिवस झाले होते. त्या दिवसांत मी देवाचं नाव टाकलं होतं, हे आधीच सांगतो. लपवायचं असतं तर लिहायला बसलो नसतो. दर एकादशीला मी पायी पंचवटीत रामाला जाणारा, आणि त्याच पंचवटीच्या बाजारात भाजी घेऊन जाताना माझा पोर सिन्नर रस्त्यावर मेला. पहाटेच्या अंधारात मागून प्रवासी मोटार आली आणि त्याच्या बैलगाडीवर चढली. घरात सून पोटुशी होती.

राख सावडून आलो तर मोटारमालकाचा दिवाणजी दारात बसलेला. एक बैल येईल एवढे रुपये आणले होते आणि मोडीत लिहिलेला एक कागद. भरपाई पोचल्याची पावती आहे म्हणाला आणि शाईची डबी पुढे केली. "बाबा, अंगठा करा." तो अंगठा मला झोंबला. मी दोन इयत्ता शिकलेला, पोथी वाचणारा माणूस. पण पोथी छापील बाळबोधीत. मोडीचं मला एक अक्षर लागत नाही. सून दाराआडून हळूच म्हणाली, "मामंजी, तलाठ्याकडून वाचून घेता का?" मी तिच्यावर डोळे वटारले. कागद डोळ्यांपुढे धरला, वाचल्यासारखे ओठ हलवले आणि बाळबोधीत ठसठशीत सही ठोकली. दिवाणजी हसला. ते हसू मला कौतुकाचं वाटलं.

आठव्या दिवशी तलाठी समाचाराला आला, तेव्हा त्यानं दिवाणजी ठेवून गेलेली नक्कल वाचून दाखवली. गाडीला कंदील लावलेला नव्हता, चूक मयताची, वारसांचं काही मागणं नाही. माझा पोर रोज संध्याकाळी राखेनं कंदिलाची काच पुसायचा. त्याला बेपर्वा ठरवून मी बापानं सही दिली होती, आणि जन्माला यायच्या नातवाचा हक्कही सोडून दिला होता. सुनेनं ती नक्कल घडी करून पेटीत ठेवली. मला बोल लावला असता तर बरं झालं असतं.

दहाव्याला रामकुंडावर पिंड ठेवला. सूनही आली होती, मागे पायरीवर बसली होती. कावळे भिंतीवर ओळीनं बसलेले, पण एक खाली येईना. भाऊबंद पुढे होऊन एकेक वचन देत होते, सुनेला अंतर देणार नाही, लेकराला सांभाळू. कावळे हलेनात. ऊन चढलं तसे भटजी म्हणाले, दर्भाचा कावळा करून शिवू. मी नाही म्हणालो. पोर रुसला होता तो माझ्यावर, आणि गवताच्या कावळ्यानं त्याची समजूत मला घालायची नव्हती. समोर रामाचं कुंड, आणि मी मनात त्याला नाही नाही ते बोलत बसलो.

तेवढ्यात वरच्या पायरीवर एक दाढीवाला माणूस येऊन उभा राहिला. काखेत धोतरजोड्यांचं गाठोडं, हातात कंदील. सिन्नरचा विणकर, मुसलमान. खाली न येता त्यानं तिथूनच विचारलं, सिन्नर रस्त्यावर मोटारीखाली गेलेल्या गाडीवानाच्या घरचं कोण? मी उठून वर गेलो.

"बाबा, मी त्या मोटारीत होतो," तो म्हणाला. "तुमच्या पोराचं डोकं माझ्या मांडीवर होतं. दोन घोट पाणी गेलं त्याच्या पोटात. गाडी आडवी झाली तरी पेंढ्यापाशी हा जळत होता. पेट घेईल म्हणून मीच फुंकला, आन् घाईत हातातच राहिला. मोटारवाला तुमचं गाव सांगंना. मंडईत विचारीत होतो, आज कळलं, दहावा इथं हाय."

"जळत होता?"

"लांबून दिसत होता. ड्रायव्हरलाच डुलकी लागलेली."

"लिहून द्याल?"

"लिहिता येत नाय मला. अंगठा देईन. कोर्टात उभा राहीन."

किती सरळ म्हणाला तो. मी कंदील हातात घेतला. काच तडकलेली, कडीला पोरानं बांधलेली सुतळी तशीच. पिंडाकडे तोंड करून म्हणालो, "कागद बदलून घेईन, बाळा." कावळा कधी उतरला ते मी पाहिलं नाही, डोळे कंदिलावर होते. सूनच म्हणाली, "मामंजी, शिवला."

यात रामानं काय केलं आणि काय नाही, यावर मी वाद घालत नाही. पोर त्यानं परत दिला नाही, तो राग अजून आहे. दावा दोन वर्षं चालला. नातवाच्या नावानं पैसे मिळाले, मालकानं मात्र एकदाही तोंड दाखवलं नाही. पण निकालात लिहिलं आहे, कंदील लावलेला होता. ते मी दोघांकडून वेगवेगळं वाचून घेतलं. रामापुढे डोकं टेकायला मला कधी जड गेलं नाही. माणसापुढे जड जायचं, आणि त्यालाच मी भक्ती समजत होतो. ते ज्यानं दाखवलं त्या विणकराचे, आणि त्याला पायरीवर आणणाऱ्याचे उपकार मी मानतो.

दहाव्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी कंदील घेऊन मी नाशकात वकिलाच्या ओट्यावर जाऊन बसलो. चार अशील आधीच बसलेले होते. वकिलानं नक्कल पाहून विचारलं, "सही तुमचीच ना? वाचून केलीत?" मी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, "मला मोडी वाचता येत नाही."