ऑस्विन टिपणीसचं खरं नाव

ऑस्विन अंबरीश टिपणीस. हे नाव पहिल्यांदा ऐकणारा माणूस हटकून विचारतो, "हो, पण खरं नाव काय?" बर्मिंगहॅमच्या एका हॉस्पिटलात तो एक्स-रे काढतो. बरगडी मोडलेला पेशंटसुद्धा कण्हत कण्हत त्याचा बॅज वाचतो आणि हेच विचारतो. गोऱ्यांना वाटतं, यानं आमच्यासाठी नाव बदललं. आपल्या लोकांना वाटतं, यानं धर्म बदलला. ऑस्विन दोघांनाही एकच उत्तर देतो, "हेच." आणि मग म्हणतो, "आता श्वास रोखा."

मी त्याची आत्या, वरदा. बारशाला त्याच्या कानात हे नाव मीच सांगितलं, आणि खरं सांगते, सांगताना मनातून चरफडत होते. माझा भाऊ अंबरीश इथे ज्युनियर डॉक्टर म्हणून आला तेव्हा त्याला कोणी खोली देईना. ऑस्विन प्रिचर्ड नावाच्या एका म्हाताऱ्या, विधुर फिटरनं आपल्या घराचा वरचा मजला दिला. नीनावहिनीला कळा सुरू झाल्या तेव्हा दादा दुसऱ्या गावात ड्यूटीवर होता. या म्हाताऱ्यानंच तिला आपल्या खटारा व्हॅनमधून हॉस्पिटलात नेलं आणि दादा पोचेपर्यंत बाहेरच्या बाकावर बसून राहिला. दादानं नाव तिथेच ठरवलं.

"अरे, इंग्रजांतही हे नाव आता कोणी ठेवत नाही," मी म्हटलं. तर तो लायब्ररीत जाऊन अर्थ शोधून आला. जुन्या इंग्रजीत 'ऑस' म्हणजे देव, 'विन' म्हणजे मित्र. "देवाचा मित्र, वरदा. आपल्या सुदाम्यासारखा. आणखी काय पाहिजे तुला?"

पोरगं बापाच्या वर हट्टी निघालं. शाळेत मुलं 'ऑझ' म्हणायची, तर हा ढिम्म बसायचा, ओ द्यायचा नाही. बाईंनीही तेच सुरू केलं तेव्हा हजेरीलाही गप्प बसला. दिवसभर गैरहजेरी लागली, पण हू की चू केलं नाही. दुसऱ्या दिवशी बाईंनी पूर्ण नाव घेतलं.

भित्री होते ती मी. पुण्याच्या नातेवाइकांना, इथल्या मंडळातल्या बायकांना बिनदिक्कत सांगायची, "घरी आम्ही ओजसच म्हणतो." घरात त्याला कधी कोणी ओजस म्हटलेलं नाही.

यंदा त्याचं लग्न ठरलं. मुलगी मालविका, कार्डिफची. तिच्या आईनं, सुलक्षणाबाईंनी, फोनवर जरा चाचरतच विचारलं, "ऑस्विन म्हणजे ऑफिसपुरतं नाव ना?" आणि माझ्या तोंडून सवयीनं निघून गेलं, "हो हो, घरी ओजस."

आठवड्यानं सगळ्यांच्या फोनवर पत्रिका आली. 'चि. ओजस आणि चि. सौ. कां. मालविका.' ऑस्विननं माझ्यासमोर मालविकाच्या वडिलांना, पद्माकररावांना फोन लावला आणि आपल्या मोडक्यातोडक्या मराठीत विचारलं,

"काका, हा ओजस कोण आहे?"

"अरे, फक्त इन्व्हिटेशनपुरतं. पुण्याची मंडळी येतायत. त्यांना वाटेल, मुलीनं ख्रिश्चन मुलगा केला."

"माझा नाव ऑस्विन आहे, काका. लग्न ओजसचा असेल तर त्याला बोलवा. मी त्या दिवशी शिफ्ट घेतो."

पत्रिका बदलली. आपण ओजस कुठून आणला, हे पद्माकररावांनी सांगितलं नाही आणि ऑस्विननं विचारलं नाही. मीही गप्प राहिले.

लग्न कार्डिफला झालं. नवऱ्यामुलानं तबकातल्या तांदळांवर अंगठीनं नवरीचं नवं नाव लिहायची वेळ आली. ऑस्विननं 'मालविका' असंच लिहिलं आणि टाळ्या पडल्या. सुलक्षणाबाई पत्रिकेपासून धुमसत होत्या. त्यांनी तांदूळ पुन्हा सारखे केले आणि तबक लेकीपुढे सरकवलं. "आता तू त्याचं नाव लिही. ओजस. मॉडर्न आहात ना, मग नवऱ्याचं नाव बदललं तर काय बिघडलं?"

"आई, प्लीज, नको ना," मालविका म्हणाली. ऑस्विन मुंडावळ्या सोडायला लागला. तो खरंच निघाला असता, मी त्याला ओळखते.

"अगं, मी मनाचं सांगतेय का?" सुलक्षणाबाई म्हणाल्या. "नाव ठेवायचा मान आत्याचा. वरदाताई, तुम्हीच सांगितलं होतंत ना, घरी ओजस म्हणता?"

सगळा हॉल माझ्याकडे बघायला लागला. ऑस्विनही.

मी उठले. "सांगितलं होतं. थाप होती ती. गेली छत्तीस वर्षं मारतेय. मला लाज वाटायची."

"अहो, हळू! पुण्याची मंडळी बसलीयत," सुलक्षणाबाई म्हणाल्या.

"त्यांच्यासाठीच मोठ्यानं बोलतेय. याच्या आईसाठी कोणी नव्हतं तेव्हा एक परका माणूस धावून आला. त्याचं नाव आहे हे, ऑस्विन. देवाचा मित्र असा अर्थ आहे. तुमच्या घराण्यात असं नाव कोणाचं असेल तर आत्ता सांगा, नाहीतर तबक सोडा."

सुलक्षणाबाईंनी तबक सोडलं. मालविकानं अंगठी उचलली.

ऑस्विन माझ्याकडे बघतच होता. "थर्टी-सिक्स इयर्स, आत्या," तो म्हणाला.

"हो," मी म्हटलं. "नंतर भांड माझ्याशी. आधी तिला लिहू दे."