गाईंच्या वाटेवरचे रूळ

आज सकाळी वर्कशॉपात पाइनच्या फळ्यांचा नवा गठ्ठा सोडला आणि राळेचा ओलसर वास अंगावर आला. बाहेर अरबी मुलखातल्या या सलालाह शहराची झिमझिम चालू होती. इथल्या या ऋतूला खरीफ म्हणतात. तो लागला की दोन-तीन महिने डोंगर ढगात शिरून बसतात आणि रस्त्याकडेच्या टपऱ्यांवर शहाळ्यांच्या राशी लागतात. मी कोकणातला सुतार. एका हॉटेलची दारं, पलंग, कपाटं धडधाकट ठेवण्यात माझी बावीस वर्षं इथे गेली. लाकडाने हात निबर झाले, नाक मात्र शाबूत आहे. त्या वासासरशी ती आठवली. आठवली म्हणणंही तसं खोटंच, कारण हा गठ्ठा मी तिच्यासाठीच मागवला आहे.

ती स्वीडनची, सिनेमे करणारी. चार खरिपांपूर्वी आमच्या हॉटेलात उतरली. सत्तरी ओलांडलेली, उंच, काटक, पायात पुरुषी बूट. पहिल्याच दिवशी वर्कशॉपच्या दारात आली, एक फळी उचलून नाकाशी धरली आणि म्हणाली, "ही माझ्या गावची." मी हसलो. फळी उलटी करून पाहिली, तर शिक्का खरंच तिच्या देशाचा. तिचे वडील लाकडाच्या गिरणीत कामाला होते आणि तिचं बालपण भुशाच्या ढिगांवरून घसरण्यात गेलेलं. मी रंधा मारायचो, ती पोत्यावर बसून मोडक्या इंग्रजीत सांगत राहायची. माझं इंग्रजी तिच्याहून मोडकं, त्यामुळे आमचं छान जमलं.

विशीत तिने पहिला सिनेमा केला तो खिडक्या पुसणाऱ्या आपल्या आईवर. तिकडे त्याचं फार कौतुक झालं. मग पुढचे दहा-बारा सिनेमेही कष्ट करणाऱ्या बायांवरच: मासे साफ करणाऱ्या, बस चालवणाऱ्या, इस्पितळात चादरी बदलणाऱ्या. पुढे जमाना बदलला. लोकांना ते सिनेमे संथ वाटू लागले, बोलावणी आटली. जग पुढे गेलं की माणसं एकतर कुरकुरतात नाहीतर मुकाट घरी बसतात. हिने दोन्ही केलं नाही. उसन्या कॅमेऱ्यावर, एकटीने, ती करतच राहिली. मला हे ऐकताना तिचा हेवा वाटायचा, आणि थोडी भीतीही.

भीती वाटायची ती तिच्या डोळ्यांमुळे. ते मधोमध विझत चालले होते. कडेकडेचं दिसे, समोरचा माणूस दिसत नसे. डॉक्टरांनी वर्ष-दोन वर्षांची मुदत सांगितली होती. तेवढ्यात हातातला सिनेमा तिला पुरा करायचा होता आणि त्याचा शेवट इथल्या धुक्यात होता. डोंगरावरून गाई घेऊन एक म्हातारी उतरते, धुक्यातून हळूहळू दिसू लागते, आणि कॅमेरा तिच्यासमोरून मागे मागे सरकत जातो. बस, एवढंच. "धुक्यात सगळ्यांचे डोळे माझ्याएवढेच," ती म्हणायची. ती म्हातारी खरीच होती, डोंगरावरच्या वस्तीत राहणारी. तिने एकच अट घातली: "मी सकाळी एकदाच उतरते. तुमच्यासाठी परत चढायची नाही." इकडे हिचा हट्ट जुन्या फिल्मवरच चित्रण करायचा, आणि तीनच रिळं उरलेली. म्हणजे चित्रणाला तीनच सकाळी.

कॅमेऱ्याच्या ट्रॉलीसाठी रूळ मी बांधले. फळ्या पाणसळ लावून समपातळीत बसवल्या, वर लोखंडी पाइप. काम मनासारखं झालं. आता नवं काम नारळाशिवाय सुरू करायचं, हे काही माझ्या हाताला जमणारं नव्हतं. म्हातारी निघायच्या आधी मी गुपचूप पहिल्या फळीपाशी नारळ फोडला, खोबरं आणि गूळ फळ्यांवर ठेवला, हात जोडले. कॅमेरा सुरू झाला. धुक्यातून घंटा वाजल्या, मग शिंगं दिसली, आणि पुढच्या गाईने मान वर करून हवेत वास घेतला. नंतर काय झालं ते सांगायलाही लाज वाटते. अख्खा कळप वाट सोडून माझ्या प्रसादावर तुटून पडला. ट्रॉली कलंडली, एक फळी तुटली, म्हातारी काठी घेऊन माझ्याच मागे लागली. एक रीळ गेलं. माझ्या देवभोळेपणापायी एका बाईचा शेवटचा सिनेमा बुडतोय, या विचाराने मी मान खाली घालून तुटलेली फळी उचकटायला बसलो.

"हे काय होतं?" तिने विचारलं.

मी सगळं सांगितलं. "सॉरी मॅडम. आमच्यात त्याशिवाय काम सुरू करत नाहीत."

ती म्हणाली, "मग पुढच्या वेळीही कर. फक्त गाई निघतात तिथे कर. आधी त्यांचं होऊ दे, मग आपलं."

मी गोठ्याशी नारळ फोडू लागलो. गाई खाऊन तृप्त झाल्या, म्हातारीनेही एक तुकडा तोंडात टाकला. पण दुसऱ्या रिळाला धुकं एवढं दाटलं की नुसत्या घंटाच ऐकू आल्या. मग तिसऱ्या रिळासाठी रोज पहाटे जायचं, धुकं बेताचं आहे का बघायचं, परत यायचं. धुकं विरळ होत चाललं होतं, खरीफ सरत होता. हॉटेलचा साहेब माझ्यावर गुरगुरू लागला. ती म्हणायची, "मी थांबते." शेवटच्या सकाळी तिने कॅमेऱ्याला डोळा लावला आणि तशीच राहिली.

"मला गाई दिसतात की धुकं, कळत नाही," ती म्हणाली. "म्हातारी दिसली की यल्ला म्हण, मी कॅमेरा सुरू करते. आणि काही झालं तरी खलास म्हणू नकोस. रीळ संपू दे."

म्हातारीच्या ओढणीचा लाल काठ दिसला आणि मी म्हणालो, "यल्ला." मी ट्रॉली मागे ओढत होतो, ती वर उभी होती, समोरून गाई येत होत्या. तुटलेल्या जागी बसवलेल्या नव्या फळीपाशी चाक किंचित अडखळलं. पण मी थांबलो नाही.

गेल्या महिन्यात तिच्या भाचीने तो सिनेमा मला पाठवला आणि तिला फोन लावून दिला. आता तिला काहीच दिसत नाही. "शेवट कसा झालाय, सांग," ती म्हणाली. मी वर्कशॉपात बसून सांगत गेलो: आधी नुसतं पांढरं, मग लाल काठ, मग गाईची ओली नाकपुडी, मग म्हातारीचा चेहरा, अगदी जवळ.

"रूळ हलतात का?"

नाही म्हणालो असतो तर तिला कुठे कळणार होतं? शिवाय सुताराची अब्रूही राहिली असती. पण त्या बाईशी खोटं बोलवेना. "एका ठिकाणी, मॅडम. केसभर."

"माहीत आहे. मी त्यावरच उभी होते." ती हसली. "या वेळी रूळ लांब बांध. खरिपात येते आहे. नवा सिनेमा."

मी चाचरत म्हणालो, "पण मॅडम, तुम्हाला दिसत नाही ना."

"तुला दिसतं ना?"

 दुसऱ्या दिवशी डोंगरावर जाऊन म्हातारीला विचारून आलो. ती आणखी वाकली आहे, गाईही कमी झाल्या आहेत. "इन्शाल्ला," ती म्हणाली, "पण एकदाच उतरेन हं." काळ या दोघींचं काय काय घेऊन गेला ते मी पाहिलं आहे. जे उरलं आहे तेवढ्यावर त्या पुन्हा कामाला लागणार आहेत, मग मला कुठलं कारण सांगता येणार? गाईंसाठी नारळ आणून ठेवलेत. दुपारपासून फळ्या तासतो आहे. एकेक सांधा जुळवून झाला की डोळे मिटून त्यावरून बोट फिरवतो, आणि बोटाला लागला तर पुन्हा तासायला घेतो.