आप्पांचा उजवा हात

असल्या गोष्टींवर माझा कधीच विश्वास नव्हता. आजही आहे की नाही, सांगता येत नाही... पण घडलं ते लिहितेय.

मी बेळगावात, वडगावला राहते. शाळेत चित्रकला शिकवते आणि फावल्या वेळात स्टॉप मोशन करते — वस्तू किंचित सरकवायची, फोटो काढायचा, पुन्हा सरकवायची. मग फोटो भराभर दाखवले की वस्तू आपोआप चालल्यासारखी दिसते.

माझे वडील, आप्पा, पॉवरलूमवर साड्या विणायचे. पॅरालिसिसनं उजवी बाजू गेली आणि ते कॉटला खिळले. त्यांची करमणूक व्हावी म्हणून कॉटसमोरच्या टेबलावर मी धाग्याच्या रिकाम्या बॉबिन्स, भाच्याची प्लास्टिकची बस असलं काहीबाही चालवायचे. आप्पा हसायचे. एका दुपारी मात्र अडखळत म्हणाले, "मलाबी असं हलीव की गं."

मी बस पुढे सरकवली.

त्या दिवशी मोबाईल असा लावला होता की बसच्या मागे आप्पाही दिसत होते. खोलीत आम्ही दोघंच. संध्याकाळी फोटो जोडून बघितले. बॉबिन्स बसमध्ये चढत होत्या... आणि मागे आप्पांचा उजवा हात उठत होता! बॉबिन्ससारखाच, हिसके घेत. छातीपाशी आला, बोटं जुळली, पीळ दिल्यासारखी फिरली, आणि हात परत चादरीवर.

एकेक फोटो मोठा करून पाहिला. प्रत्येकात हात थोडा थोडा सरकलेला. पण दुपारभर मी समोरच होते — हात हलला नव्हता.

आईनं पाहिलं आणि तोंडाला पदर लावला. "तुटलेला धागा जोडायलेत गं... ह्यांचाच हात हाय!"

आप्पांना धीर येईल, म्हणून त्यांनाही दाखवलं. त्यांनी शेवटपर्यंत पाहिलं आणि मान भिंतीकडे वळवली.

"बंद कर. त्यो मी न्हाय."

"आप्पा, तुम्हीच की—"

"माझा हात मला वळखंना व्हय?"

त्यानंतर त्यांनी खेळणी काढू दिली नाहीत. उजवा हात कायम चादरीखाली झाकून ठेवायला लावायचे. उघडा पडला की घाबरायचे. तसेच गेले.

एडिटिंग करणाऱ्या मित्रानं फोटो तपासले, त्यालाही काही सांगता आलं नाही. आई रोज दुपारी ती क्लिप लावून बसते. म्हणते, हेच आहेत. आप्पा म्हणाले होते, मी नाही.

कुणाचं खरं मानू... मला अजून कळलेलं नाही.