ऑरेलची रेघ

पडदा वर जातो. समोर तीनशे रिकाम्या खुर्च्या, मागे रिकामा रंगमंच, आणि मधल्या पट्ट्यात गुडघे टेकून बसलेला एक ठेंगणा माणूस. हातात ब्रश, शेजारी काळ्या रंगाचा डबा, दातांत विझलेला पाइप. एप्रिलची सकाळ आहे. खिडकीबाहेर बर्फाचे शेवटचे काळपट ढिगारे वितळताहेत. माणूस दोन भिंतींतल्या दोन पितळी खिळ्यांना खडू फासलेली दोरी ताणून बांधतो, मधोमध उचलून टपकन सोडतो. जमिनीवर पांढरी रेघ उमटते. मग तिच्यावर काळा रंग. खुर्च्यांकडे अमेरिका, रंगमंचाकडे कॅनडा.

हा ऑरेल त्रेपानिये. पडदा ओढणारा, दिवे सांभाळणारा, झाडू मारणारा, आणि दरवर्षी सरहद्द रंगवणारा.

आमचं नाट्यगृह जुन्या लोकांनी मुद्दाम सीमेवर बांधलं. कॅनडातलं सेंत-ओबेर आणि अमेरिकेतलं लोअर फोर्ड, दोन्ही गावांनी वर्गणी काढली, तेव्हा इमारतही दोघांची हवी. पुढचं दार अमेरिकेत, रंगमंचामागचं कॅनडात. आत कुणी कुठेही फिरावं, बाहेर पडताना मात्र आपापल्या देशाची वाट धरावी. मी एका फिरत्या नाटक कंपनीबरोबर तीन प्रयोगांसाठी इथे आले आणि इथलीच झाले. अशी जागा मला दुसरीकडे कुठे मिळाली असती? मी कॅनडात रडायचे आणि अमेरिकेत रुमाल निघायचे!

ऑरेलला त्या रेघेचा भारी अभिमान. तेवीस वर्षं ती बोटभरही हलली नव्हती. दोन्ही गावांच्या नाट्यगृह समितीने त्याला एक घडीची फूटपट्टी भेट दिली होती, वर कोरलं होतं, ‘ज्याची रेघ चुकत नाही त्याला’. ती कायम त्याच्या वरच्या खिशात. कुणी ओल्या रंगावर पाय दिला की तो ब्रश उगारायचा.

“अहो, दोन बोटांनी काय बिघडतंय?” मी एकदा विचारलं.

“बाई, दोन राज्यांनी एकमेकांना दिलेला शब्द आहे तो. तुझं तिथवर, माझं इथवर. आज दोन बोटं सोडली, तर उद्या तुमच्या नाटकात तोफा आणाव्या लागतील.”

मग एकाहत्तर साल आलं. सक्तीच्या लष्करभरतीला नकार देऊन पळालेली अमेरिकन पोरं त्या काळी कॅनडात येत. आमच्याकडे दोन वर्षांपूर्वी वेंडेल कोलबर्न आला होता. यायला लागलंच किती? लोअर फोर्डमधलं आईचं घर ते सेंत-ओबेरची लाकूडगिरणी, पाऊण मैल. पण परत फिरला असता तर थेट तुरुंग. त्याची आई, हेस्टरबाई, खुब्याचं हाड मोडून अंथरुणाला खिळलेली. दोन वर्षं मायलेकरांनी एकमेकांना पाहिलं नव्हतं.

त्या वसंतात हेस्टरबाई काठी घेऊन चालू लागल्या. मी वेंडेलला नाटकात पोस्टमनची भूमिका दिली. वाक्य एकच: “आपलं पत्र आहे, बाईसाहेब.” आईने पहिल्या रांगेत बसावं, मुलाने कॅनडातून पत्र द्यावं, आणि प्रयोग संपल्यावर आम्ही बाईंना धरून रंगमंचावर न्यावं, असं ठरलं. कायदा कुठेच मोडत नव्हता.

रविवार दुपारचा प्रयोग. तिसऱ्या रांगेत लोअर फोर्डचे पोलीस अधिकारी पेकमसाहेब बसलेले, खिशात वेंडेलच्या अटकेचं वॉरंट. आत शिरतानाच त्यांनी ऑरेलला सांगितलं, “तुझ्या रेघेपलीकडे तो तुमचा. अलीकडे आला की माझा. बाकी नाटक मी मनापासून बघणार.”

“तिकीट काढलंत ना? मग बघा,” ऑरेल म्हणाला.

वेंडेलने आपलं वाक्य इतक्या हळू म्हटलं की मागच्या रांगेला काही ऐकूच गेलं नाही. पहिल्या रांगेला गेलं. प्रयोग संपला, आम्ही सगळे हात धरून वाकलो. टाळ्या वाजवायला हेस्टरबाई उभ्या राहिल्या, दोन्ही हात टाळ्यांत गुंतले आणि काठी सुटली. बाई खाली कोसळल्या.

माझ्या हातातला वेंडेलचा हात निसटला. त्याने रंगमंचावरून उडी मारली आणि आईचं डोकं मांडीवर घेतलं. काळी रेघ त्याच्या पाठीमागे राहिली होती.

टाळ्या थांबल्या. पेकमसाहेब उठून पुढे आले. “वेंडेल, आईला सावकाश बसव. मग उभा राहा. तू माझ्या देशात आहेस, बाळा.”

“साहेब, थांबा.” विंगेतून ऑरेल आला, पडद्याची दोरी अजून हातातच. “तो कॅनडात आहे.”

“रेघ दिसतेय मला.”

“रेघ चुकलीय.”

ऑरेल मान खाली घालून बोलला, “मागे भिंतीच्या फळ्या बदलल्या, तेव्हा खिळे मीच काढले आणि मीच परत ठोकले. रंगमंचाकडे दोन हात सरकून बसले. खरी हद्द पहिल्या रांगेच्या मागून जाते. कळलं होतं मला. लाजेने बोललो नाही.”

“तू?” पेकमसाहेबांनी डोळे बारीक केले. “तेवीस वर्षं या रेघेपायी गावाचं डोकं खाल्लंस, आणि तुझीच चुकली? शपथेवर सांगशील?”

“पाद्रीबाबा तिसऱ्या रांगेतच आहेत. म्हणाल तर आत्ता.”

पाद्रीबाबांना नेमकी बुटाची नाडी बांधायची आठवण झाली.

“सोमवारी मोजणीदार बोलावतो.”

“बोलवा की. पण दोन्ही देशांचे. एकट्या तुमच्या माणसाची मोजणी आम्हाला चालायची नाही. आणि तोवर त्याला इथे हात लावलात, आणि जागा आमची निघाली, तर दुसऱ्याच्या राज्यात घुसून माणूस उचलला, याचा जबाब तुमच्या राजधानीत तुम्हीच द्या.”

पेकमसाहेबांनी खिळ्याकडे पाहिलं, ऑरेलकडे पाहिलं, मग जमिनीवरच्या मायलेकरांकडे बराच वेळ पाहिलं. आणि ते जाऊन आपल्या खुर्चीवर बसले.

हेस्टरबाईंना फारसं लागलं नव्हतं. दोघं तासभर तिथेच जमिनीवर बसून होती. कुणीतरी कॉफी आणि डोनट आणून ठेवले. वेंडेल मग रंगमंचावरून, आला त्या वाटेने सेंत-ओबेरला गेला.

मोजणीदार काही आले नाहीत. कोणत्या देशाच्या माणसाने दोरीचं कोणतं टोक धरायचं, यावर दोन्ही सरकारांचा पत्रव्यवहार चालला. तो संपायच्या आधीच, सहा वर्षांनी, अमेरिकेच्या नव्या अध्यक्षांनी त्या सगळ्या पोरांना माफी दिली, आणि वेंडेल पुढच्या दाराने आईकडे गेला.

ऑरेलची मात्र सुटका नव्हती. चूक कबूल केली म्हटल्यावर ती सुधारणं आलं. त्याने खिळे उपटले, भोकं मेणाने बुजवली आणि दोन हात मागे नवे ठोकले. फूटपट्टी त्याने त्याच आठवड्यात समितीला परत केली. मग दर एप्रिलला गुडघ्यांवर बसून तो ती नवी रेघ रंगवायचा आणि येणारेजाणारे विचारायचे, “काय ऑरेल, यंदा कॅनडा कुठवर आणलास?” पूर्वी त्याने ब्रश फेकून मारला असता. आता नुसता पाइप चावायचा.

हल्ली आमच्या दाराशी कॅमेरे आहेत आणि आत शिरण्याआधीच कागद बघतात. असो. जुनी लाकडं, जुने रंग.

शेवटचं भेटले तेव्हा तो वृद्धाश्रमात होता, वय अठ्ठ्याऐंशी. वाटाण्याचं सूप समोर गार होत होतं. मी खुर्ची जवळ ओढली. इतकी वर्षं मनात ठेवलेलं विचारलं, “ऑरेल, खरं सांगा. ती रेघ चुकली होती?”

त्याने दाराकडे पाहिलं, कुणी नाही याची खात्री केली, आणि माझा हात धरला.

“बोटभरही नाही, बाई. पण समितीला सांगू नका, पुन्हा रंगवायला लावतील.”